अपील टाकलं, स्टे मिळाला… आणि मग तारखेला कोणीच गेलं नाही

दुकानभाड्याच्या व्हिडिओत मी एक वाक्य घाईघाईत बोलून गेलो होतो, की अपील दाखल करणं आणि अपील चालवणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. व्हिडिओत तेवढ्यावरच थांबलो. पण विषय असा आहे की त्यात चांगलं चालणारं दुकान जाऊ शकतं, म्हणून इथे नीट लिहितो. आधीच सांगतो, मी वकील नाही. दुकान चालवतो आणि दुकान कसं चालवायचं ते शिकवतो. तुमच्या प्रकरणात काय करायचं ते तुमचा वकीलच सांगेल. पण वकिलाला काय विचारायचं, एवढं तरी आपल्याला कळायला हवं ना?

गेल्या दिवाळीच्या आधीची गोष्ट. ओळखीचा एक दुकानदार सकाळी सकाळी माझ्या काउंटरवर आला. चेहरा उतरलेला. त्याची जागा भाड्याची, वडिलांच्या काळापासूनची. जागामालकाने वणीच्या कोर्टात जागा खाली करून मागण्याचा दावा टाकला होता आणि निकाल याच्या विरोधात गेला होता. याने मुदतीत अपील केलं. आपल्याकडची अपिलं वर्षानुवर्षं पांढरकवड्याला जात आली आहेत. कागदावर केळापूर दिसेल, ते तेच. तिथे ताबा देण्याच्या हुकुमाला स्थगिती मिळाली. दुकान वाचलं. त्यानंतर दोन वर्षं याने त्या फाइलकडे पाहिलं नाही. आणि त्या दिवशी कोर्टाचा बेलीफ ताब्याचं वॉरंट घेऊन दारात उभा.

"अपील तं चालूच हाये ना जी, स्टे हाये मायाकडं!" हे तो मला तीनदा म्हणाला.

मोबाईलवर ई-कोर्ट्सचं ॲप उघडून त्याचं प्रकरण शोधलं. निकाली. कारण, अपीलदार आणि त्याचे वकील दोघेही गैरहजर. हुकूम झाल्याला ४७ दिवस होऊन गेले होते. वकिलांनी नागपूरला बस्तान हलवलं होतं, आणि याने मधल्या काळात सिम बदललं होतं. दोघांनाही वाटत होतं, समोरचा बघत असेल.

आता कायदा काय म्हणतो ते बघू. दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ ची. तिच्यातली ऑर्डर ४१ पूर्ण अपिलांबद्दल आहे. तिचा नियम १७ सांगतो की सुनावणीच्या दिवशी पुकारा झाल्यावर अपीलदार हजर नसेल तर कोर्ट अपील काढून टाकू शकतं. 'काढून टाकू शकतं', टाकलंच पाहिजे असं नाही. प्रत्यक्षात बहुतेक न्यायाधीश पहिल्याच गैरहजेरीला कुऱ्हाड चालवत नाहीत. पुढची तारीख देतात, मग आणखी एक देतात, मग रोजनाम्यात 'शेवटची संधी' असं लिहिलं जातं. तो रोजनामा आपण वाचतच नाही, हा आपला घोळ. ज्याला आपण 'अचानक डिसमिस झालं' म्हणतो, त्याच्या आधी बऱ्याचदा तीन-चार तारखांचा इशारा लिहून ठेवलेला असतो.

उलट बाजूही बघा. अपीलदार हजर आहे आणि समोरचा आला नाही, तर अपील एकतर्फी ऐकलं जातं. म्हणजे तुम्ही खाली जिंकलात म्हणून निवांत बसलात, आणि वरच्या कोर्टात समोरच्याने एकट्याने बाजू मांडली, तर जिंकलेला निकालही उलटू शकतो. नोटीस घेऊन कपाटात ठेवणाऱ्यांसाठी हे सांगतोय.

नियम १७ ला एक स्पष्टीकरण १९७६ च्या दुरुस्तीने जोडलं गेलं आणि ते फार कामाचं आहे. अपीलदार गैरहजर असेल तर कोर्ट अपील गैरहजेरीसाठी काढू शकतं, पण गुणदोषांवर, म्हणजे 'तुमच्या म्हणण्यात दम नाही' असं ठरवून, फेटाळू शकत नाही. कर्नाटकातून आलेल्या एका प्रकरणात उच्च न्यायालयाने नेमकं तसंच केलं होतं, आणि २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो हुकूम रद्द केला. दुकानदाराला याचा उपयोग काय? हुकमाची नक्कल हातात आली की पहिली गोष्ट ही बघायची, की अपील कशामुळे गेलं. गैरहजेरीने गेलं असेल तर त्याच कोर्टात ते पुन्हा उभं करण्याचा अर्ज करता येतो. गुणदोषांवर गेलं असेल तर रस्ता वरच्या कोर्टाकडे. दोन्हींची मुदत वेगळी, खर्च वेगळा.

अपील पुन्हा उभं करण्याचा अर्ज ऑर्डर ४१, नियम १९ खाली होतो. कोर्टातले लोक त्याला 'रिस्टोरेशन' म्हणतात. त्यात हे पटवून द्यावं लागतं की हजर न राहण्यामागे पुरेसं कारण होतं. आणि इथेच सगळ्यात मोठी चूक होते. मुदत कायदा १९६३, अनुच्छेद १२२. मुदत ३० दिवस. ते मोजायचे अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कळल्याच्या तारखेपासून नाही! आपला दुकानदार बेलीफ आला त्या दिवसापासून मोजत होता. 'अजून महिना आहे' म्हणत होता. खरं तर त्याची मुदत सतरा दिवसांपूर्वीच संपली होती.

म्हणजे खेळ खलास असं नाही. मुदत कायद्याचं कलम ५ आहे, उशीर माफ करण्याचं. पण मग एका अर्जाचे दोन होतात. एक, तारखेला का आलो नाही. दुसरा, त्यानंतर ३० दिवसांत का आलो नाही. दोन्हींना वेगळी कारणं, शपथपत्र, पुरावे. दवाखान्यात भरती होतो म्हणत असाल तर डिस्चार्ज कार्ड लावा. घरात मयत झाली असेल तर दाखला लावा. 'तारीख माहीत नव्हती' एवढ्या एका ओळीवर काम होईल असं समजू नका, कारण ती तारीख आता मोबाईलवर दिसते आणि समोरचा वकील हेच सांगणार. अर्ज नामंजूर झाला तर त्या नामंजुरीविरुद्ध ऑर्डर ४३ खाली अपील होतं. तेही मुदतीतच.

आता तो प्रश्न, जो प्रत्येकजण विचारतो. 'पण चूक वकिलाची होती, माझा काय दोष?'

यावर सर्वोच्च न्यायालयाचे दोन निकाल आहेत. दोन्ही माहीत असायला हवेत, कारण लोक फक्त पहिलाच सांगतात. पहिला १९८१ चा, रफीक विरुद्ध मुन्शीलाल. वकील उच्च न्यायालयात हजर झाला नाही आणि अपील पक्षकाराच्या अपरोक्ष निकाली निघालं. न्या. देसाई यांनी म्हटलं की गावाकडचा माणूस वकील नेमतो, फी देतो, कागद देतो. त्यानंतर त्याने वकिलावर पाळत ठेवायची का? त्याला वकिलाच्या चुकीची शिक्षा नको. अपील पुन्हा ऐकायला पाठवलं आणि खर्चाचे २०० रुपये गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितले.

हा निकाल ऐकला की सगळ्यांना हायसं वाटतं. मग दुसरा ऐका. १९९३, सलिल दत्ता विरुद्ध टी. एम. अँड एम. सी. प्रायव्हेट लिमिटेड. कोलकात्याचं प्रकरण, आणि तेही जागामालक-भाडेकरूचंच. भाडेकरू एक प्रायव्हेट लिमिटेड कंपनी. हे अपील नव्हतं, मूळ दावाच होता. पण मुद्दा तोच. कंपनीच्या वकिलाने सांगितलं की आधीचे किरकोळ अर्ज निकाली निघेपर्यंत तुम्ही यायची गरज नाही. कंपनी आली नाही आणि दावा एकतर्फी जागामालकाच्या बाजूने गेला. उच्च न्यायालयाने कंपनीला सवलत दिली, ती सर्वोच्च न्यायालयाने काढून घेतली. न्यायालयाचं म्हणणं साधारण असं होतं, की वकिलाची चूक दाखवली म्हणजे हुकूम आपोआप रद्द होतो असा काही नियम नाही. समोर अडाणी खेडूत नाही, त्याच शहरात कार्यालय असलेली, शिकलेल्या व्यावसायिकांनी चालवलेली कंपनी आहे. आपलं हित कशात आहे ते यांना कळतं.

मित्रांनो, यातला आपल्या कामाचा भाग कोणता? तुम्ही जीएसटी नंबर घेतला, उद्यम नोंदणी केली, बँकेत करंट खातं उघडलं, दुकानाच्या पाटीवर 'प्रोप्रायटर' लिहिलं, त्या दिवशी कोर्टाच्या नजरेत तुम्ही रफीक राहत नाही. तुम्ही त्या कंपनीच्या रांगेत जाता. हे मला व्यक्तिशः थोडं कडक वाटतं, कारण वणीतला किराणा दुकानदार आणि कोलकात्याची कंपनी एका मापाने कशी मोजायची? पण न्यायाधीश कोणतं माप लावतील हे आपल्या हातात नाही. २०२४ च्या नोव्हेंबरमध्येही सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात हेच सांगितलं, की सगळा दोष वकिलावर टाकून पक्षकाराला हात झटकता येत नाहीत.

तारखेला कोणी गेलं नाही, एवढंच कारण नसतं बरं का. अपील मरायच्या आणखी वाटा आहेत आणि त्या जास्त गुपचूप आहेत. समोरच्याला नोटीस बजावण्याचा खर्च भरावा लागतो, त्याचा बरोबर पत्ता द्यावा लागतो. तो भरलाच नाही तर प्रकरण पुढे सरकत नाही आणि पाठपुरावा नाही म्हणून काढलं जातं. उच्च न्यायालयात, म्हणजे आपल्यासाठी नागपूर खंडपीठात, कागदांतल्या त्रुटी दूर करायला काही आठवडे दिले जातात आणि हुकमातच लिहिलेलं असतं की तेवढ्यात त्रुटी दूर झाल्या नाहीत तर अपील पुन्हा कोर्टापुढे न आणता आपोआप काढलं जाईल. अशा वेळी पुकारा नाही, तारीख नाही. मुदत संपली, अपील गेलं. एखाद्या कागदाची टंकलिखित प्रत द्यायची राहिली म्हणून असं होऊ शकतं.

आणि स्थगितीच्या अटी. नुसतं अपील केल्याने खालचा हुकूम थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते, हे ऑर्डर ४१ च्या नियम ५ मध्ये स्वच्छ लिहिलंय. ती देताना कोर्ट रक्कम भरायला लावू शकतं. जागेच्या प्रकरणात तर जुनं भाडं नव्हे, बाजारभावाच्या जवळपास जाणारी रक्कम दर महिन्याला भरा असंही सांगू शकतं. महाराष्ट्र शासन विरुद्ध सुपर मॅक्स इंटरनॅशनल या २००९ च्या निकालात भाडेकरू खुद्द शासन होतं आणि त्यालाही हे लागू झालं. महिना चुकला की जागामालक स्थगिती उठवायला अर्ज करतो. म्हणून ही रक्कम लाइट बिलाच्या रांगेत ठेवायची, उधारीच्या रांगेत नाही.

सगळ्यात दुर्लक्षित वाट म्हणजे मृत्यू. आपल्याकडे कितीतरी दुकानांची भाडेपावती अजून आजोबांच्या नाहीतर वडिलांच्या नावावर आहे. अपीलही त्यांच्याच नावाने. ते गेले, तर ९० दिवसांत वारसांची नावं रेकॉर्डवर घ्यावी लागतात. नाही घेतली तर त्यांच्यापुरतं अपील आपोआप संपतं, त्यासाठी कोर्टाला वेगळा हुकूमही करावा लागत नाही. त्यानंतर ते संपणं रद्द करून घ्यायला ६० दिवस. त्यापुढे पुन्हा उशीर माफीचा अर्ज. समोरचा वारला तरी हाच हिशेब, त्याचे वारस तुम्हालाच आणावे लागतात. तेरावं होतं, मग शेतीच्या फेरफाराची धावपळ, बँकेची कागदपत्रं, आणि त्यात कोर्टाचं अपील कोणाच्या लक्षातही राहत नाही. भागीदारी फर्म असेल आणि दावा फर्मच्या नावाने असेल तर एक भागीदार गेल्याने इतकी अडचण येत नाही, ऑर्डर ३० मध्ये तशी सोय आहे. फर्मचे व्यवहार फर्मच्याच नावाने ठेवा असं मी वर्गात सांगतो, त्याचं हेही एक कारण.

करांची अपिलं मात्र वेगळी. तिथे गैरहजर राहिलात म्हणून नुसतं 'डिसमिस' लिहून चालत नाही, अधिकाऱ्याला मुद्द्यांवर निर्णय द्यावा लागतो. नागपूरच्या आयकर आयुक्तांच्या एका प्रकरणात २०१६ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने हे स्पष्ट केलं, की अपिलाची सुनावणी करणाऱ्या आयकर आयुक्ताला पाठपुरावा नाही म्हणून अपील काढून टाकता येत नाही. पण यात फार खूश होऊ नका. तुम्ही कागदच दिले नाहीत तर निर्णय समोरच्या कागदांवर होणार, आणि ते कागद खात्याचे आहेत. जीएसटीच्या पहिल्या अपिलाला मुळात तीन महिने, वर फार तर एक महिना, आणि सुनावणी जास्तीत जास्त तीनदा तहकूब होते. तिथे दोन वर्षं फाइल विसरून चालतच नाही.

ग्राहक आयोगात आणखी वेगळं. २०११ मध्ये महाराष्ट्रातूनच गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की तक्रारदाराच्या गैरहजेरीत काढलेली तक्रार जिल्हा किंवा राज्य आयोगाला स्वतःच पुन्हा घेता येत नाही. म्हणजे वर जाणं आलं. २०१९ च्या कायद्यात जिल्हा आयोगाच्या आदेशावर राज्य आयोगाकडे अपील करायला ४५ दिवस आहेत.

आता व्यवहाराचं. ई-कोर्ट्सचं ॲप फुकट आहे. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर असतो, आपल्या राज्याचा एमएचने सुरू होतो. तो एकदा ॲपमध्ये साठवला की पुढची तारीख, मागचे हुकूम सगळं दिसतं. लक्षात ठेवा, अपिलाचा सीएनआर मूळ दाव्यापेक्षा वेगळा असतो. बरेच लोक वणीच्या दाव्याचा नंबर टाकून बघतात, तिथे 'निकाली' दिसतं आणि ते ॲपलाच नावं ठेवतात. नंबर माहीत नसेल तर पक्षकाराच्या नावाने शोधा, आणि नाव इंग्रजीत कसं लिहिलंय त्याचे दोन-तीन प्रकार टाकून बघा.

वकिलाशी बोलताना 'काय चालू आहे साहेब?' असं विचारू नका. त्याला उत्तर 'चालू आहे' हेच येणार. विचारा: मागच्या तारखेला काय झालं, पुढच्या तारखेला काय होणार आहे, माझ्याकडून काय बाकी आहे? तिन्ही उत्तरं व्हॉट्सॲपवर मागा. त्यातून रेकॉर्डही राहतं, आणि उद्या रिस्टोरेशनची वेळ आलीच तर मी विचारत होतो हे दाखवायला पुरावाही. नंबर बदलला, पत्ता बदलला तर आधी वकिलाला कळवा, मग नातेवाइकांना. वकिलाचं ऑफिस हललं, प्रकृती बिघडली, तर संकोच न करता दुसऱ्याला फाइल देण्याचं बोला. बहुतेक वकील ना-हरकत देतात. फी बाकी असेल तर ती आधी मिटवा. फाइल अडकायचं खरं कारण बहुतेकदा तेच असतं.

पांढरकवड्याला जायचं म्हणजे एक दिवस दुकान दुसऱ्यावर सोडायचं, हे मला कळतं. सीझनमध्ये शनिवारचा गल्ला कोण सोडेल? प्रत्येक तारखेला तुम्ही जायलाच पाहिजे असंही नाही, वकील हजर असला की पुरतं. पण वर्षातून दोनदा स्वतः जाऊन रोजनामा बघा. एसटीचं भाडं आणि एका दिवसाचा गल्ला एका कागदावर लिहा, शेजारी त्या जागेवर बसलेल्या धंद्याची किंमत लिहा.

आणि खरंच लढायचं नसेल, दम संपला असेल, जागा सोडायचीच असेल, तर अपील वाऱ्यावर सोडण्यापेक्षा तडजोड करा. अपील जिवंत आहे तोवर समोरच्यालाही मिटवण्यात रस असतो. जागा सोडायला सहा महिने मागा, डिपॉझिटचं ठरवा, फर्निचरचं बोला. लोकअदालतीत मिटलं तर भरलेली कोर्ट फी परत मिळण्याची तरतूद आहे, आणि त्या निवाड्यावर पुढे अपील होत नाही, विषय तिथेच संपतो. डिसमिस झालेल्या अपिलावर मात्र कोणी तडजोड करत नाही, जागामालक सरळ अंमलबजावणीची दरखास्त पुढे नेतो.

आपल्या दुकानदाराचं काय झालं? त्याच दिवशी नक्कल मागितली, दुसरा वकील गाठला. चौथ्या दिवशी दोन्ही अर्ज दाखल झाले. सोबत तिसराही अर्ज दिला, दरखास्त तात्पुरती थांबवण्याचा, कारण नुसत्या रिस्टोरेशनच्या अर्जाने बेलीफ थांबत नाही. वकिलाने अर्जात हेही मागितलं की अपील पुन्हा उभं करताना आधीची स्थगितीही पुन्हा लागू झाल्याचं हुकमात स्पष्ट लिहावं. जागामालकाला नोटीस निघाली, ताब्याची कारवाई पुढच्या तारखेपर्यंत थांबली, तीही काही रक्कम कोर्टात भरायच्या अटीवर. दिवाळीचा माल भरायला ठेवलेले पैसे तिथे गेले. अर्जावर अजून निर्णय व्हायचा आहे.

पुढच्या व्हिडिओत चेक बाउन्सवर बोलणार आहे. तिथे तक्रारदार म्हणून आपण गैरहजर राहिलो तर आरोपी निर्दोष सुटू शकतो, आणि ती फौजदारी बाब असल्याने रिस्टोरेशनचा हा रस्ता तिथे चालत नाही. ज्यांची अशी तक्रार चालू आहे त्यांनी व्हिडिओ बघायच्या आधी आपला सीएनआर नंबर शोधून ठेवा.